उत्स्फूर्त भाषणांचा मसुदा

आमच्या मंत्रालयात ‘एक्स्टेम्पोर’ हा शब्द फायलीवर यायचा, आणि तोही किमान दोन दिवस आधी. ‘साहेब गुरुवारच्या कार्यक्रमात एक्स्टेम्पोर बोलतील, मसुदा बुधवारी दुपारपर्यंत सादर करावा.’ खाली सही आणि तारीख. पहिल्यांदा अशी टीप माझ्या टेबलावर आली तेव्हा मी नोकरीत नवी होते, आणि मला हसू आलं. सेक्शनमधल्या सीनियर बाईंनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की पुन्हा हसायची हिंमत झाली नाही. पुढची एकतीस वर्षं मी दिल्लीत बसून दुसऱ्यांची उत्स्फूर्त भाषणं लिहिली, हिंदीत आणि इंग्रजीत.

त्या कामाचंही एक कसब असतं, उगाच नावं ठेवू नयेत. साध्या भाषणात वाक्यं पूर्ण करायची असतात, उत्स्फूर्तमध्ये मुद्दाम अर्धवट सोडायची. एखादा सन आठवत नसल्यासारखं करायचं. समासात पेन्सिलीनं ‘थोडे थांबून’, ‘किंचित हसून’ असं लिहायचं. एका साहेबांना मी सुरुवातीचं वाक्य दिलं होतं, ‘मी भाषण लिहून आणलं होतं, पण तुमचे चेहरे पाहून ते बाजूला ठेवतो.’ टाळ्या पडल्या. साहेबांना ते वाक्य इतकं आवडलं की पुढे तीन वर्षं त्यांनी ते सगळीकडे वापरलं, एका शोकसभेतसुद्धा.

मराठीत या गोष्टीला किती चांगला शब्द आहे. उत्स्फूर्त. जे आतून उसळून वर येतं ते. कोणी मागितलं म्हणून नाही, राहवलं नाही म्हणून. पण आपण त्या शब्दाची रया घालवली. पेपरात ‘उत्स्फूर्त बंद’ येतो, त्यासाठी आदल्या दिवशी रिक्षावर भोंगा लावून गावभर फिरलेले असतात. खुर्च्या भरल्या की ‘उत्स्फूर्त प्रतिसाद’. त्यापेक्षा ‘आयत्या वेळचं’ हा साधा शब्द मला प्रामाणिक वाटतो. सोसायटीच्या सभेच्या नोटिशीत अगदी शेवटी असतं बघा, ‘अध्यक्षांच्या परवानगीने आयत्या वेळी येणारे विषय’. खरी भांडणं तिथंच होतात आणि माणसं काय विचार करतात तेही तिथंच कळतं. आणि तेच आयत्या वेळचं बोलणं आपल्याला झोंबलं, की आपण म्हणतो, उचलली जीभ लावली टाळ्याला.

माझा मुलगा दिल्लीतच वाढला. शाळेत एक्स्टेम्पोर स्पर्धा होती म्हणून त्यानं मराठी शब्द विचारला. मी सांगितला. अर्थ विचारला, तर म्हटलं, तयारी न करता बोलणं. तो म्हणाला, ‘अच्छा, म्हणजे होमवर्क न करता.’ मी त्याला तसं जाऊ दिलं असं वाटत असेल तर तुम्ही मला ओळखत नाही. येऊ शकतील असे बारा विषय काढून मी बाराही भाषणं लिहून दिली आणि त्याच्याकडून घोकून घेतली. त्याला दुसरं बक्षीस मिळालं. माझ्या निरोपसमारंभात मी स्वतः जे बोलले त्याची सुरुवात ‘मी काही तयारी करून आलेले नाही’ अशी होती, आणि ते वाक्य मी कागदावरून वाचलं. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. हे सगळं आधीच कबूल करून टाकते, कारण पुढे जे झालं त्यात दोष माझाच आहे.

निवृत्त झाल्यावर आम्ही दोघं फरीदाबादच्या घरी राहायला आलो. दिल्लीतल्या मराठी मंडळींचा एक गट रविवारी कोपर्निकस मार्गावरच्या राज्याच्या जुन्या अतिथिगृहात जमायचा. महाराष्ट्रातल्या गावांतून, तालुक्यांतून सनदी परीक्षेसाठी आलेल्या मुलांच्या सरावाच्या मुलाखती तिथं घ्यायच्या. लेखी परीक्षेतून वर आलेली मुलं खऱ्या मुलाखतीला जाण्याआधी इथं येऊन दोन-चारदा हात साफ करून घेत. तीन-चार निवृत्त अधिकारी टेबलाच्या एका बाजूला बसत, मुलं एकेक करून समोर. मला बोलावलं ते ‘भाषा बघायला’. मेट्रोनं मंडी हाउसपर्यंत सरळ जाता येतं, घरी बसून यजमानांशी वाद घालण्यापेक्षा बरं, म्हणून मी हो म्हटलं.

तिथं ती भेटली. परभणी जिल्ह्यातल्या एका लहान गावची. घरी दखनी बोलायचे, शाळा सगळी मराठी, त्यामुळे मुलाखतही मराठीतूनच देणार होती. तशी सोय असते, शेजारी दुभाषी बसतो. वडिलांचं मोटर रिवाइंडिंगचं दुकान, म्हणजे विहिरीवरच्या जळालेल्या मोटरी उघडून पुन्हा तार गुंडाळून द्यायच्या. त्यांना ती आब्बा म्हणायची. मुलाखतीपर्यंत याआधी दोनदा पोचली होती आणि दोन्ही वेळा मुलाखतीतच घसरली होती. हा शेवटचा प्रयत्न होता. यात झालं नाही तर वयाच्या नियमानं दार कायमचं बंद, आणि तिच्या मागे घरी दोन लहान बहिणी होत्या ज्यांच्या लग्नाच्या गोष्टी थोरलीचं काय होतंय हे बघून थांबल्या होत्या.

ती हुशार होती, वाचन तर माझ्या वरचं. पण बोलायला लागली की वही उघडायची. खरोखर एक वही होती, जाड, दोनशे पानी, त्यात शंभरेक प्रश्न आणि त्यांची उत्तरं सुवाच्य अक्षरात. ‘माझ्या जडणघडणीत ग्रामीण जीवनाचा सिंहाचा वाटा आहे.’ ‘लोकसेवेची प्रेरणा मला परिसरातील वास्तवातून प्राप्त झाली.’ प्रश्न संपायच्या आत उत्तर सुरू, आणि मध्ये कोणी टोकलं तर बिचारी पुन्हा पहिल्या शब्दापासून सुरुवात करायची. समोरचे म्हणायचे, छान आहे पण पाठांतर वाटतं, जरा उत्स्फूर्त बोल. हा सल्ला तिला दोन वर्षं मिळत होता. तो अमलात कसा आणायचा हे कुणी सांगत नव्हतं.

मग मी पुढे झाले. म्हटलं, माझ्याकडे ये, मी शिकवते. एकतीस वर्षांचा अनुभव होता ना.

दिल्लीत ही मुलं जिथं खोल्या घेऊन राहतात त्या राजेंद्रनगरहून ती आठवड्यातून तीनदा फरीदाबादला यायची. मी तिची उत्तरं घेतली आणि माझ्या पद्धतीनं ‘मोकळी’ केली. सिंहाचा वाटा काढला, प्राप्त झाली काढलं. वाक्यं तोडली. प्रत्येक मोठ्या उत्तराच्या आधी एक श्वास घ्यायचा, डावीकडे खिडकीबाहेर एक नजर टाकायची, जणू काही आठवतंय, आणि मग म्हणायचं, ‘खरं सांगायचं तर...’ तिनं सगळं लिहून घेतलं. मन लावून पाठ केलं. आमच्या बैठकीच्या खोलीत ती ते इतकं झकास करायची की आमचे यजमान आतून येऊन ‘वा, बेटा’ म्हणून गेले. मीही स्वतःवर खूश होते. घोकंपट्टीला घोकंपट्टीनंच घालवायला निघालेय हे माझ्या डोक्यातसुद्धा आलं नाही.

पुढच्या रविवारी अतिथिगृहात सराव होता. पहिला प्रश्न आला. तिनं श्वास घेतला, डावीकडे पाहिलं, ‘खरं सांगायचं तर’ म्हणाली आणि बोलली. उत्तर चांगलं झालं, दोघांनी मान डोलावली. दुसरा प्रश्न. श्वास, डावीकडे नजर, खरं सांगायचं तर. तिसऱ्या प्रश्नालाही तेच. त्या खोलीत डावीकडे खिडकी नव्हती. तिथं एक जुनं लोखंडी कपाट होतं, फायलींचं. मधोमध बसलेल्या निवृत्त सचिवांनी चष्मा वर केला, स्वतःही मान वळवून कपाटाकडे बघितलं आणि अगदी प्रेमानं विचारलं, ‘बेटा, उत्तरं त्या कपाटात ठेवलीत का?’

सगळे हसले. वाईट हेतूनं नव्हे, पण हसले. ती नाही हसली. तिची दातखीळ बसली ती बसलीच. पुढचे दोन प्रश्न तिनं नुसते ऐकले. सचिवांना ते लक्षात आलं, त्यांनी आवाज खाली आणून विचारलं, हे तुला कोणी शिकवलं? ती म्हणाली, ‘कोणी नाही सर, माझीच सवय आहे.’ मी भिंतीला लागून खुर्चीवर बसले होते, चार हातांवर. मला इतकी लाज आयुष्यात फार कमी वेळा वाटली आहे. तेव्हाच उठून सांगायला हवं होतं की मी शिकवलं. पण आयत्या वेळी बोलायची सवय मला कधी होती?

बाहेर आल्यावर मी तिची माफी मागितली. ती म्हणाली, जाऊ द्या मॅडम. अकरा दिवस राहिले होते.

त्यानंतर ती येणार नाही असंच मला वाटलं होतं. पण मंगळवारी सकाळी आली, वही घेऊन. मी चहा ठेवला होता आणि काय शिकवावं हे मला काडीचं सुचत नव्हतं. तेवढ्यात मागच्या अंगणातून यजमान ओरडले की मोटर चालू होत नाही. आमच्याकडे नळाला सकाळी तासभर पाणी येतं, तेवढ्यात मोटर लावून वरची टाकी भरावी लागते. मोटर नुसतीच घूं घूं करत होती आणि पाणी काही चढत नव्हतं. यजमान बटण बंद करून चालू करत होते, पुन्हा बंद, पुन्हा चालू, आणि मोटरला दटावत होते.

ती वही खुर्चीवर टाकून मागे गेली.

‘काका, बंद करा आधी. नुसती गुरगुरायलीय ती, अशीच ठेवली तर जळंल.’

‘अरे यार, बिल्कुल नवीन आहे, दोन वर्षं पण नाही झाली,’ यजमान म्हणाले.

तिनं ते ऐकलंच नाही. मेन स्विच पाडला, स्क्रू ड्रायव्हर मागितला आणि मोटरच्या पाठीमागच्या फटीतून पंखा हलवून बघितला. फिरला. म्हणजे जाम नाही, म्हणाली, सुरुवातीचा धक्का देणारा कपॅसिटर गेलाय, मोटर शाबूत आहे. मग खाली वाकून तिनं मोटरचा वास घेतला. माणसं खरबुजाचा घेतात तसा. यजमानांनी विचारलं, वासावरून काय कळतं? आणि ती बोलायला लागली.

तारेवरच्या जळालेल्या वॉर्निशचा वास कसा असतो इथपासून तिनं सुरुवात केली. आब्बांना बैलगाडी दुकानाच्या दारात थांबायच्या आत कळायचं, वरची मोटर किती जळालीय ते. मोटर का जळते, तर एका डीपीवर झेपतील त्याच्या दुप्पट मोटरी लावलेल्या असतात. डीपी म्हणजे गावचा ट्रान्सफॉर्मर. सगळे एकदम चालू करतात, व्होल्टेज पडतं, मोटर जोर करते आणि जळते. यजमानांनी मध्येच टोकलं, की मग लोकांनी पाळ्या का लावू नयेत? ती अडखळली नाही. पाळी लावतात की, म्हणाली, पण लाईनचाच भरवसा नाही तर आपली पाळी सोडून देणार कोण? हातवारे करत होती, उजव्या हातात स्क्रू ड्रायव्हर तसाच होता. यजमानांवर एकदा हसलीसुद्धा. ती एवढी मोठ्यानं हसते हे मला माहीत नव्हतं.

मग म्हणाली, ‘आमच्या घरातली सगळी शिक्षणं या जळक्या मोटरींवर झालीत, काका. एका वर्षी एक नवे इंजिनियर आले, त्यांनी मनावर घेतलं, चार गावांत नवे डीपी बसवले. त्या वर्षी दुकानात कामच नव्हतं. आब्बा बाहेर खुर्ची टाकून बसायचे. मला वाटायचं, आता वैतागतील. तर ते सगळ्यांना बोलावून सांगायचे, बघा, एका माणसानं ठरवलं तर काय होतंय. मला तसलं माणूस व्हायचंय. मला आमचं दुकान बंद पाडायचंय.’

मी दारात उभी होते. आणि मी काय केलं असेल? आत जाऊन कागद आणि पेन घेऊन आले. सवय मोठी वाईट. ती बोलत होती आणि मी किराण्याच्या यादीच्या पाठीवर भराभर लिहून घेत होते. मनात मसुदा सुरूही झाला होता, दुकानाचं वाक्य शेवटी न ठेवता सुरुवातीला घ्यावं, बैलगाडी ठेवावी, काकांचा पाळ्यांचा प्रश्न काढावा.

तिनं मला लिहिताना पाहिलं. कपॅसिटर आणायला यजमान बाजारात गेल्यावर आत येऊन म्हणाली, द्या ना मॅडम, छान झालं होतं का? पाठ करते.

तो कागद माझ्या हातात होता. चार ओळी खोडून, दोन वर चढवून अर्ध्या तासात मी तिला उत्कृष्ट उत्तर करून दिलं असतं. माझ्या नोकरीतलं सगळ्यात चांगलं उत्स्फूर्त भाषण झालं असतं ते. मी नाही म्हटलं.

तिला आधी मस्करी वाटली. मग तिचा चेहरा बदलला.

‘तुमच्याजवळ लिहिलेलं आहे आणि तुम्ही देत नाही,’ ती म्हणाली. ‘तुमचं काय जातंय? माझा शेवटचा अटेम्प्ट आहे, मॅडम. तिथं मला काहीच सुचलं नाही तर?’

मी म्हटलं, ‘इथं सुचलं ना? तुला कुठं माहीत होतं मोटर बिघडणार आहे.’

‘इथं मला कोणी मार्क देत नव्हतं.’

तिचं बरोबर होतं. मी एवढंच सांगितलं की मी आजवर हेच केलं, चांगली बोलणारी माणसं कागदाला बांधली, आणि मागच्या रविवारी तुलाही बांधलं. पुन्हा नाही करणार. तिनं वही उचलली. चहा न पिताच गेली. यजमान कपॅसिटर घेऊन परत आले, मोटर चालू झाली आणि टाकी भरली. पोरगी कुठंय असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, गेली, रागावून. त्यांनी सगळी हकिकत ऐकून घेतली आणि म्हणाले, कागद दिला असता तर बिघडलं काय असतं? त्या दिवशी मला माझी खात्री नव्हती आणि त्यानंतरचे नऊ दिवसही नव्हती.

ती सरावाला आली नाही. मी दोनदा फोन केला, तिनं उचलला नाही. तो कागद मी डब्यात ठेवला, काढला, पुन्हा ठेवला. एकदा तर फोटो काढून पाठवून द्यावा म्हणून बोट बटणापर्यंत गेलं होतं. एखाद्याच्या आयुष्याचा निर्णय आपल्या एका तत्त्वावर लोंबकळतोय, आणि ते तत्त्वही आपल्याला साठी उलटल्यावर सापडलेलं, ही काही बरी भावना नाही. दुसऱ्याच्या खांद्यावर बंदूक ठेवून मी माझी जुनी चूक सुधारत नाहीये ना, हे सारखं मनात यायचं. अजूनही येतं.

हे लिहिते आहे तेव्हा निकाल लागलेला नाही. त्यामुळे यशकथा वाचायला बसलेल्यांनी इथंच उठायला हरकत नाही.

मुलाखतीच्या दिवशी मी सकाळपासून घरात सैरभैर होते. दुपारी वरणाला फोडणी द्यायची विसरले, यजमानांनी मुकाट्यानं जेवून घेतलं. पाचच्या सुमाराला फोन वाजला. तिचाच होता. मागे रस्त्याचा आवाज होता, हॉर्न वाजत होते. आवाजावरून काहीच कळेना.

‘काकू, झाली,’ ती म्हणाली. मला ती तोपर्यंत मॅडम म्हणत होती.

मी धीर करून विचारलं, काय काय विचारलं? तिनं सांगितलं. आधी जिल्ह्याबद्दल, मग पदवीच्या विषयाबद्दल दोन प्रश्न, त्यातला एक आला नाही, तसं तिनं सांगून टाकलं. मग एका बाईंनी विचारलं की तुला या सेवेत कशासाठी यायचंय. हाच प्रश्न मागच्या दोन्ही वेळी होता, आणि तेव्हा आपण काय उत्तर दिलं होतं ते ती आजही स्वल्पविरामांसकट म्हणून दाखवू शकते.

मी विचारलं, ‘मग तू काय म्हणालीस?’

ती रस्त्याच्या कडेला सरकली असावी, हॉर्न जरा लांब गेले.

‘मोटरीचं बोलले काहीतरी. खूप बोलले. दुभाषी सरांनी दोनदा हात करून थांबवलं, एवढंच ध्यानात आहे. त्या बाई मधेच काहीतरी म्हणाल्या, मी त्यांना उलट विचारलं, मग सगळे हसले, मीपण हसले.’ मग म्हणाली, ‘पण काय बोलले ते आठवेना, काकू. मेट्रोपर्यंत चालत आले, सगळं आठवून बघितलं. एक वाक्य आठवेना. काय झालं असंल?’

मी स्वयंपाकघरात उभी होते, ओट्याला धरून. रडू येत होतं आणि ते तिला ऐकू जाऊ नये म्हणून मी तोंडावर पदर धरला. ती घाबरून पुन्हा पुन्हा विचारत होती, काकू, आहात का? काहीतरी बोला ना.

मग मी बोलले. पाच मिनिटं, दहा मिनिटं, यजमान येऊन दारात उभे राहिले तरी थांबले नाही. पलीकडे ती आधी रडली, मग हसायला लागली. फोन ठेवल्यावर यजमानांनी विचारलं, एवढं काय सांगितलंस तिला? मी आठवून बघितलं, आणि मलाही सांगता येईना.